भालेरावांनी विकलेला टेम्पो

नीट मांडी घालून बसा, मुलांनो. एका जंगलात रस्ता अजून व्हायचा होता, पण टोलनाका झालेला होता. त्या जंगलात भालेराव नावाचं अस्वल राहत असे.

भालेरावांकडे एक टेम्पो होता. त्यातून ते बाजाराला मध नेत. टेम्पोच्या मागे ठळक अक्षरांत 'भालेराव' असं रंगवलेलं होतं. पुढे त्यांचे गुडघे दुखू लागले, क्लच दाबवेना, तेव्हा त्यांनी टेम्पो तरसाला विकला. व्यवहार उंबराच्या झाडाखाली झाला.

"कागदावरचं नाव तेवढं बदलून घेऊ," किल्ली घेताना तरस म्हणाला.

"घेऊ की. घाई काय आहे?" भालेराव म्हणाले.

त्यांना घाई खरंच नव्हती. टेम्पो पाणवठ्यावरून गेला की हरणं म्हणत, "भालेरावांचा टेम्पो गेला." काही न करता नाव होत होतं. विमाही वर्षभराचा भरलेला होता. विम्याची कचेरी बगळ्याची. "तुमच्यासाठी आम्ही एका पायावर तयार असतो," असं तो सांगे, आणि ते दिसतच असे.

तरसाने टेम्पो चालवायला माकड ठेवलं. माकडाकडे परवाना नव्हता. पण ते कमी पगारावर आलं, आणि तरसाला तेवढी पात्रता पुरे होती.

एके सकाळी साळूबाई साळिंदर पाठीच्या काट्यांना बोरं टोचून बाजाराला निघाली होती. वळणावर माकडाचं लक्ष बोरांकडे गेलं. टेम्पोही तिकडेच गेला. साळूबाईचा पाय मोडला. टेम्पोचे दोन टायर फुटले. तरस धावत आला, सगळं पाहून सवयीने हसला, आणि त्याच दिवशी जंगल सोडून गेला.

साळूबाईला दोन लहान पिल्लं होती. त्यांच्यासाठी मुळं उकरायची तर पाय लागतो. म्हणून ती न्यायालयात गेली.

न्यायासनावर घुबड होतं. न्यायालय दिवसा भरत असल्यामुळे साहेब डोळे मिटून ऐकत. भालेरावांनाही नोटीस आली होती. तिच्यावर आपलं छापील नाव बघून त्यांना वाटलं, प्रतिष्ठित म्हणून बोलावलंय. ते अंग विंचरून आले आणि पुढच्या रांगेत बसले.

"साहेब," बगळा म्हणाला, "चालकाला परवाना नव्हता. आमची अट मोडली. आम्ही काही देणं लागत नाही. शिवाय या बाईंच्या काट्यांनी दोन टायर फुटले, त्याचं काय?"

"मी टायर फोडायला कुणाच्या घरी गेले नव्हते, साहेब," साळूबाई म्हणाली. "टायरच माझ्या अंगावर आले."

घुबडाने एक डोळा उघडला. "अंगावर येणाऱ्या टेम्पोला थांबवून बाईंनी परवाना बघायला हवा होता का? बगळेसाहेब, भरपाई आधी तुम्ही द्या. नंतर ती मालकाकडून वसूल करा."

"योग्य निकाल," भालेराव शेजारच्या सशाला म्हणाले.

"मालक कोण?" घुबडाने विचारलं.

"भालेराव," कारकून म्हणाला.

भालेराव उठले. "मी तो टेम्पो केव्हाच विकलाय, साहेब."

"कुणासमोर?"

"उंबरासमोर."

"दफ्तरात नाव कुणाचं आहे?"

मागून एक हरीण मदतीला धावलं. "टेम्पोवर तर भालेरावांचंच आहे, साहेब. आम्ही रोज वाचतो."

घुबडाने डोळा मिटला. निकाल झाला.

बगळ्याने साळूबाईच्या पायाला बांबूच्या कामट्या बांधून दिल्या आणि पिल्लांना पुरेल इतकं धान्य घरी पोचवलं. मग त्याने आपला दुसरा पाय खाली ठेवला आणि वसुलीसाठी तो भालेरावांच्या गुहेत आला. उन्हाळ्यासाठी साठवलेली मधाची पोळी एकेक करून बाहेर जाऊ लागली. भालेरावांनी दोन पोळी दगडामागे सरकवून ठेवली होती.

तेवढ्यात समोरून साळूबाई गेली. तिचा पाय जमिनीला टेकत नव्हता. पिल्लं तिच्या चालीने सावकाश चालत होती. भालेराव बराच वेळ बघत राहिले. मग दगडामागे गेले.

"ही दोनही घ्या," ते बगळ्याला म्हणाले.

बगळा गेल्यावर ते रिकाम्या गुहेत बसले. झालं ते झालं, आता सुटलो, असं त्यांना वाटलं. इतक्यात दारात माकड येऊन उभं राहिलं.

"काय रे?"

"मालक," माकड अदबीने म्हणालं, "तरसाने माझा पगार थकवलाय. खरे मालक तुम्हीच आहात, हे मला न्यायालयातच कळलं."

तात्पर्य : गाडी मनसोक्त पळवावी, पण तिच्यावरचं नाव दुसऱ्याचं असू द्यावं. असा दुसरा शोधायला फार लांब जावं लागत नाही. आपलं नाव रंगवलेलं पाहून खूश होणारी अस्वलं प्रत्येक जंगलात असतात.