मामाचा बर्फ

माझा मोठा मामा लग्नाला गेला की आधी बर्फ शोधतो. सरबताच्या टपातला एक खडा रुमालात घेतो आणि जेवणाच्या रांगेत उभ्या असलेल्या एखाद्या भाच्याच्या नाहीतर पुतण्याच्या मानेखाली टेकवतो. माणूस किंचाळतो. मामा शांतपणे विचारतो, "झोंबता की दुखता? खरा सांग."

गेल्या वर्षी भांडुपच्या एका हळदीत त्याने चुकून नवऱ्या मुलाच्या मित्राला गाठलं. "ओ मामा, मी बाहेरचा आहे, यार!" तो ओरडला. मामाने लगेच बर्फ मागे घेतला. "मगे तुका नको. तू आमच्या रक्ताचो नाय."

माझे बाबा या परीक्षेतून जन्मभर सुटलेत. जावई म्हणून सासरकडून मिळालेला हा एकमेव मान, असं ते म्हणतात.

मामा मुलुंडला एकटाच राहतो. साकीनाक्याच्या एका कारखान्यात त्याची सगळी नोकरी झाली. काम पंप तपासायचं. प्रत्येक पंप पाण्याच्या टाकीत बुडवायचा, बुडबुडा आला की बाजूला काढायचा. "न तपासता पीस भायर सोडूचो नाय," हे तो भाजीवाल्यालाही ऐकवतो आणि टोमॅटो एकेक दाबून बघतो. भर मे महिन्यात त्याच्या उजव्या खांद्यावर लोकरीचा मफलर असतो. एसी असलेल्या दुकानात तो शिरत नाही, दारातूनच हाक मारतो.

मफलरचं कारण खांद्यावर होतं. मसुराएवढ्या वीसेक तांबूस गाठी. गार वारा लागला किंवा कुणी प्रेमाने थाप मारली की कळ यायची. कित्येक वर्षं तो उष्णता समजून त्यावर चंदन उगाळून लावायचा, आणि चंदन गार म्हणून आणखी बोंबलायचा. शेवटी त्वचेच्या डॉक्टरांनी एक गाठ काढून तपासायला पाठवली. अंगावर काटा येतो तेव्हा केस उभे करणारे बारीक स्नायू कातडीत असतात, त्यांच्या या गाठी. कॅन्सर नाही. मामा खूश होऊन उठायला लागला, तेव्हा डॉक्टरबाई म्हणाल्या, "बसा. इतक्या गाठी असल्या तर कधीकधी ते घराण्यात असतं. त्यातल्या काहींना पुढे मूत्रपिंडाचा कॅन्सर होऊ शकतो. तुमच्या घरात कुणाला?"

घरात शालनमावशी होती. मामाची सगळ्यांत धाकटी बहीण. मूत्रपिंडाच्या कॅन्सरने एक्केचाळीसाव्या वर्षी गेली. तिच्या दंडावर असेच ठिपके होते आणि ती पंख्याखाली बसायची नाही. सगळे तिला 'महाराणी' म्हणून चिडवायचे. सगळ्यांत जास्त मामा.

तेव्हापासून बर्फ सुरू झाला. डॉक्टरबाईंना कळलं तेव्हा त्यांनी कपाळाला हात लावला. "अहो, नातेवाइकांना सांगा म्हटलं होतं मी. बर्फ कुणी सांगितला?"

"सांगून कोण ऐकता, मॅडम?" मामा म्हणाला.

ते खोटं नव्हतं. सांगून माझ्या आईनेही ऐकलं नव्हतं. पाठीला बर्फ लागला तेव्हा ती "दुखतंय रे, मेल्या!" म्हणत रडकुंडीला आली, आणि मामाने दुसऱ्याच दिवशी तिला डॉक्टरांकडे नेलं. आता तिच्या मूत्रपिंडांची दर वर्षी तपासणी होते. "तूही जाऊन ये," ती मला म्हणायची. "मला काही नाही," मी म्हणायचे आणि लांब बाह्यांचे कुर्ते घालायचे. ऑफिसात एसीसमोरची जागा बदलून घेतली. कुणी विचारलं तर सर्दी सांगायचे.

मामाने मला मात्र कधीच बर्फ लावला नाही. रांगेत माझ्या पुढच्या मावसभावाला लावायचा, मागच्या मावसबहिणीला लावायचा आणि मला म्हणायचा, "तू जेव गो." मी फार लाजते म्हणून सोडतो, असं मला वाटायचं. ते सोयीचंही होतं.

यंदा मे महिन्यात एका रविवारी तो आमच्याकडे जेवायला आला होता. फ्रिजमधून काढताना पाण्याची बाटली माझ्या डाव्या दंडाला टेकली आणि हातातून सुटली. मी दंड धरून खालीच बसले. मामा समोर होता. त्याने बाटली उचलली, फडक्याने लादी पुसली.

"विचार ना," मी म्हटलं. "झोंबतं की दुखतं ते."

"विचारूची गरज नाय." तो फडकं पिळत राहिला. "बर्फ सुरू करूच्या आधीच्या दिवाळीत तू पंख्याखालून उठलंस. शालन उठायची तशी. मगे माझो हात काय उठेना."

जन्मभर पंप बुडवून बघणाऱ्या माणसाने एक पीस न तपासता सोडला होता.

"दुखतं," मी म्हटलं. "नऊ गाठी आहेत."

सोनोग्राफीचा रिपोर्ट चांगला आला, हे आधीच सांगते. आता आईबरोबर दर वर्षी मीही जाणार. पण सोनोग्राफीच्या दिवशी मामा मफलर गुंडाळून दीड तास सेंटरच्या एसीत बसला होता. एकदाही एसी बंद करा म्हणाला नाही. माझं नाव पुकारल्यावर मागोमाग आत आला, तेव्हा तिथल्या बाईंनी त्याला बाहेर काढलं. मी टेबलावर आडवी झाले. बाईंनी जेलची बाटली हातात घेतली, तेवढ्यात दार बोटभर उघडलं.

"मॅडम," मामाचा आवाज आला, "ती बाटली जरा गरम पाण्यात धरा. आमच्या पोरीक थंड चालत नाय."