कुंचीतला कारभारी

दीपक आयुष्यात एकच शब्द मनापासून शिकला होता, तो म्हणजे ‘हो’. शाळेत मास्तरांना, कंपनीत साहेबांना, घरी बायकोला, एवढंच काय, फोनवर विमा विकणाऱ्या पोरीलासुद्धा तो ‘हो’ म्हणायचा. हो म्हटलं की समोरचं माणूस घटकाभर गप्प बसतं, हे त्याला लवकर कळलं होतं. (मग तेच माणूस दुप्पट आवाजात परत येतं, हे मात्र चाळिशी आली तरी कळलं नव्हतं.) लग्नानंतर इतक्या वर्षांनी मुलगा झाला आणि दीपकनं एकाच दिवशी दोन ठिकाणी हो म्हटलं. पुढचं सगळं त्यातनं झालं.

पहिला हो फोनवर गेला, ललिताताईला. ललिताताई त्याची थोरली बहीण. तिला घोटीला दिलेली, घरची भाताची गिरणी, आवाज गिरणीच्या वरताण.

“आता आप्पांचं नाव ठेवायचं,” ती म्हणाली. “कारभारी. दुसरं काय नाय.”

“ताई, हल्लीच्या काळात कारभारी म्हणजे जरा...”

“जरा काय? दिंडोरीच्या बागेच्या कागदावर सही केली, तवा मी जरा म्हणले का?”

दीपक सोफ्यात आणखी खाली सरकला. आप्पा गेल्यावर द्राक्षबागेच्या हक्कसोडीवर ताईनं चकार शब्द न काढता सही करून दिली होती. बाग विकून नाशिकला पाथर्डी फाट्यावरचा हा फ्लॅट आला होता. म्हणजे ज्या सोफ्यात तो रुतून बसला होता, तोही त्या सहीच्याच पोटातून निघालेला. माहेरातून ताईनं नेलं काय, तर आईचा पाटा-वरवंटा.

“मला त्यातलं कायबी नको, दिप्या. पण आत्या म्हणून पाळण्यात नाव ठेवायचा मान माझा हाय. तो काय मी सोडून दिला नाय. आप्पांच्या नावानं कुणी हाक मारलेली ऐकायचीय रे मला. बस.”

ताईचा आवाज एकदम खाली आला होता. गिरणी बंद पडल्यावर होतं तसं झालं.

“हो ताई,” दीपक म्हणाला. त्या क्षणी तो अगदी खरं बोलत होता, हे त्याच्या बाजूनं सांगायला हवं. तो नेहमी त्या क्षणी खरंच बोलायचा.

दुसरा हो त्याच संध्याकाळी, घरातच. संजना बाळाला मांडीवर घेऊन मोबाइल चाळत होती.

“अहो, सापडलं. कियांश! अर्थ, सर्व गुण असलेला. उगम, संस्कृत. लोकप्रियता, अत्यंत दुर्मिळ.”

दीपकनं आपल्या मोबाइलवर बघितलं. एका ठिकाणी उगम संस्कृत होता, दुसऱ्या ठिकाणी ग्रीक, तिसऱ्या ठिकाणी फारसी. पाळण्यात पडायच्या आधीच पोरगं जग हिंडून आलं होतं. अर्थही जागोजागी वेगळा. कुठं राजा, कुठं किरण, कुठं विष्णूचा अंश. एकमत फक्त ‘दुर्मिळ’वर होतं.

“छान आहे,” तो म्हणाला. “पण ताईच्या मनात आप्पांचं नाव...”

संजनानं मोबाइल बाजूला ठेवला. “माझं नाव काय हो?”

“संजना.”

“ते तुमच्या घरानं ठेवलेलं. माझं नाव तेजस्विनी. सासऱ्यांच्या तोंडात बसेना, म्हणून लग्नात ताटातल्या तांदळात तुम्ही अंगठीनं संजना लिहिलंत आणि मी हसून फोटो काढून घेतला. मला कुणी विचारलं होतं? ज्यांनी माझं नाव पुसलं त्यांचंच नाव माझ्या पोराला? निदान याचं नाव तरी मी ठेवणार.”

ती म्हणत होती ते सोळा आणे खरं होतं. ताई म्हणत होती तेही सोळा आणे खरं होतं. दोन खऱ्या बायकांच्या मध्ये एक पुरुष उभा राहिला की त्यानं कुणाला तरी एकीला तोंडावर नाही म्हणायचं असतं. तेवढा कणा असायला लागतो.

“हो,” दीपक म्हणाला.

“आणि बारशापर्यंत कुणाला सांगायचं नाही. बिल्डिंगमधले लोक नाव चोरतात.”

बारशासाठी इंदिरानगरला छोटा हॉल घेतला. स्टेजवर फुलांनी आणि जाळीदार पडद्यांनी मढवलेला पाळणा, मागं मोठी स्क्रीन, माइकवाला, धूर सोडणारं यंत्र. पूर्वी आत्या बाळाच्या कानात कुर्रर्र करायची, नाव सांगायची, पाठीत चार धपाटे खायची आणि काम झालं. आता आधी दिवे घालवायचे, आत्यानं कानात नाव सांगायचं, मग धुरातून स्क्रीनवर नाव उजळायचं आणि आईनं बाळाला घेऊन स्टेजवर यायचं. धपाटे तेवढे जुने राहिले होते, फोटो चांगले येतात म्हणून.

ललिताताई घोटीहून तांदळाचं पोतं, घुगऱ्यांचं पातेलं, स्वतः शिवलेली जरीकाठाची कुंची आणि आईचा तो वरवंटा घेऊन आली. बाळाआधी पाळण्यात वरवंटा घालायचा असतो, आणि दीपकच्या घरात मिक्सर सोडून काही नसणार हे तिला ठाऊक होतं.

“कुंची घाल हं बाळाला,” ती संजनाला म्हणाली. “आप्पांच्या फेट्याची हाय. मीच शिवली.”

पण बाळाला थीमचे कपडे होते. त्यावर कुंची बसेना, बाळ रडायला लागलं, संजना त्याला घेऊन एसीच्या खोलीत गेली आणि कुंची खुर्चीवर पडून राहिली. ती ताईला दिसली असती तर बोंबाबोंब झाली असती. दीपकनं विचार केला (हा विचार आपण होऊन केला, कुणी सांगितलेला नव्हता) आणि कुंची नीट वरवंट्याला घातली. वाया जायला नको आणि ताईच्या डोळ्यांपुढंही नको. बायकांनी कुंचीवाला वरवंटा पाळण्याच्या वरून-खालून घेतला-दिला, पाळण्यात निजवला आणि बाळ अजून रडतंय म्हणून थोड्या थांबल्या.

ताई तेव्हा मागं घुगऱ्या वाटत होती.

माइकवाल्याला पुढं गंगापूर रोडला दुसरा कार्यक्रम होता. त्यानं घड्याळ बघितलं आणि दिवे घालवले. “आता येत आहेत बाळाच्या लाडक्या आत्याबाई! जोरदार टाळ्या!”

ताई हात पदराला पुसत लगबगीनं आली. अंधारात, पडद्याआड, तिला आपण शिवलेली कुंची दिसली. तिचा चेहरा असा खुलला की दीपकला आप्पांच्या बागेत पहिला माल निघायचा त्या दिवसाची आठवण झाली. तो स्टेजच्या पायरीशीच उभा होता. ‘ताई, थांब’, एवढेच दोन शब्द पुरले असते. ते त्याच्या ओठांपर्यंत आले. आणि मग त्याच्या लक्षात आलं की ताईनं आता तिचं नाव ठेवलं, मागून स्क्रीनवर संजनाचं नाव आलं, तर आपले दोन्ही हो खरे होतात. असा हिशेब आयुष्यात पहिल्यांदाच जुळत होता. तो गप्प राहिला.

ताई वाकली. “कुर्रर्र,” ती म्हणाली, आणि मग हळू, अगदी हळू, “कारभारी. माझं कारभारी गं.” पाठीत धपाधप धपाटे पडत होते, बायका हसत होत्या, फोटोवाला “आत्या, अजून एकदा!” म्हणत होता. तिनं कुंचीत तोंड घालून पापा घेतला.

दगड गार असतो.

धपाटे पडतच राहिले. ताई वाकलेलीच राहिली. मागं धूर झाला, स्क्रीनवर सोनेरी अक्षरांत कियांश उजळलं, टाळ्या झाल्या आणि संजना बाळाला घेऊन झगमगत स्टेजवर आली. तिला यातलं काहीच माहीत नव्हतं. पहिल्या रांगेतल्या पाहुण्यांना मात्र पाळण्यात काय आहे ते दिसलं, आणि हॉलभर जे हसू पसरलं ते जेवणाच्या पंगतीपर्यंत पुरलं.

ताई जेवली नाही. तिनं बाळाला हातात घेतलं, त्याच्या कपाळावर हात ठेवला, संजनालाही जवळ घेऊन “सुखात राहा” म्हणाली. मग वरवंटा कुंचीसकट पिशवीत घातला.

“ताई, कुंची तरी राहू दे,” दीपक म्हणाला.

“ज्याच्या कानात नाव सांगितलं, त्याची हाय ती.”

नंतरचे महिने कियांशचे होते. लवकरच कळलं की ‘अत्यंत दुर्मिळ’ हे निम्म्या नाशिकनं एकाच वेळी वाचलं होतं. पार्किंगमध्ये “कियांश!” अशी हाक आली की तीन बाबागाड्या थांबायच्या. लसीच्या दवाखान्यात नर्सनं “कियांशचे पप्पा” म्हटलं की अख्खं बाकडं उठायचं. संजना हिरमुसली. “उगीच भांडलो आपण,” ती एकदा म्हणाली. वास्तविक दीपक कुणाशीच भांडला नव्हता. तेच तर झालं होतं.

भाऊबीजेला तो एकटाच साडी घेऊन घोटीला गेला. ताईनं आत घेतलं, पाणी दिलं, जेवायला वाढलं. पाट्यावर चटणी वाटलेली होती आणि वरवंटा धुऊन कोपऱ्यात उभा केला होता. कुंची खुंटीला.

ओवाळायची वेळ झाली. दीपक टोपी घालून पाटावर बसला. ताई तबक घेऊन समोर आली आणि निरांजन लावता लावता थांबली.

“दिप्या, एक विचारू? कुंचीत काय हाय ते तुला ठावं होतं?”

इथं नाही म्हणायचं होतं. उभ्या आयुष्यात नाही या शब्दाची कधी गरज पडली असेल तर ती आत्ता. नाशिकहून येताना त्यानं त्याची तयारीसुद्धा केली होती.

“हो,” दीपक म्हणाला. तोंडाला तेवढंच वळण होतं.

ताईचे डोळे भरून आले. तबक तसंच उचलून ती अंगणात गेली. भाऊ नसलेल्या बायका ओवाळतात तसं तिनं मावळतीकडच्या चंद्राच्या कोरीला ओवाळायला सुरुवात केली.

“अगं ललिते,” शेजारची भागीबाई कुडापलीकडून ओरडली, “चंद्राला काय ओवाळती? तुझा भाऊ आला ना?”

“भाऊ नाय आला. कियांशचे पप्पा आलेत.”

दीपक आत टोपी घालून पाटावर बसूनच होता. मग भागीबाईचा आवाज आला.

“कोणत्या कियांशचे गं? आपल्या गल्लीतच दोन हायेत.”