गोजराबाईंच्या कहाणीस हुंकार मिळाला त्याची हकीकत

श्री. जिणे जिभेस बोलणे दिले आणि कानास धीर दिला, त्या वाग्देवतेचे स्मरण करून लिहितो. शके एकोणीसशे सेहेचाळीस, क्रोधीनाम संवत्सर, मार्गशीर्ष शुद्ध पंचमीचे दिवशी एका राज्यात मौखिक कथांचा वार्षिक उत्सव भरला, त्याचे वर्तमान ऐसे जे: उत्सव मोठा नामांकित. मंडप भव्य, खुर्च्यांस पांढरे झगे, आणि व्यासपीठी प्रमुख पाहुणे सात. मग दीपप्रज्वलन जाहले, आणि स्वागत जाहले, आणि मौखिक परंपरेचे महत्त्व या विषयी सातही जणांनी कागद वाचून भाषणे केली. नाकापेक्षा मोती जड, दुसरे काय! मग उत्सवचिटणीस अंताजीपंत उभे राहिले आणि ताकीद फर्मावते जाहले की, "कथांचे ध्वनिमुद्रण होऊन दप्तरी कायम राहणार, सबब कोणी चकार शब्द काढू नये. जो काढील त्यास मंडपाबाहेर करू, आणि तो कथेकरी असल्यास त्याची पाळीही रद्द." मंडळी चिडीचूप बसली.

पहिली पाळी गोजराबाईंची. बाई सत्तरी पार. मुक्या विहिरीची कहाणी त्यांस आईकडून मिळालेली, ती अथपासून इतिपर्यंत येणारे दुसरे माणूस राज्यात नाही. आणि पौषमासी वैद्य त्यांचे घशास शस्त्र लावणार, पुढे वाचा राहील न राहील, देव जाणे. म्हणोन "येवढी एकदा सांगून टाकते, मग घसा गेला तरी चालेल," ऐसे घरी बोलून बाई हट्टाने आल्या होत्या. त्या बसल्या आणि बोलल्या, "एक होतं गाव, गावाला होती विहीर." आणि थांबल्या. कारण त्या मुलखीचा रिवाज ऐसा की, सांगणाराने एक वाक्य सांगावे आणि ऐकणाराने "हूं" म्हणावे. हूं मिळाल्यावाचून कहाणीने पाऊल उचलू नये. बाईंनी तेच वाक्य पुन्हा सांगितले. माणूस पाचशे, हूं एक नाही. अंताजीपंत जवळ येऊन कुजबुजले, "आजी, विसरलात काय? थोडक्यात सारांश सांगा." तेव्हा बाई कडाडल्या, "विसरेन कशी? अरे, भिंतींना सांगू काय कहाणी? कुणी हूं तर म्हणा रे बाबांनो!" मंडळींचे डोळे भरले, परंतु ताकीद आठवून तोंडे मिटलेलीच. काय सांगावे, ऐसे आज्ञाधारक श्रोते वैऱ्यासही न मिळोत!

इतक्यात कोपऱ्यातून आवाज आला, "हूं." पाहतात तो रखमाजी! हे दुसऱ्या पाळीचे कथेकरी, आणि बाईंशी यांचे हाडवैर. वीस वर्षांमागे बाईंची कहाणी ऐकता ऐकता यांस डुलकी लागली, हूं चुकला, तेव्हापासून उभयतांत बोलणे बंद. अंताजीपंत ओरडले, "रखमाजी, पाळी जाईल तुमची!" रखमाजी बोलले, "जाऊ द्या. एकदा झोपलो ते वीस वर्षं भोगतोय. सांग गोजरे, मी जागा आहे." मग बाई सांगू लागल्या, आणि रखमाजी हूं देऊ लागले, आणि मग एकाचे दोन, दोनाचे पाचशे हूं जाहले, आणि प्रमुख पाहुणेही भान विसरून त्यात सामील जाहले, आणि कहाणी तडीस गेली. बाईंनी पदराने डोळे पुसले आणि "सुटले बाई!" म्हणाल्या.

परंतु अंताजीपंत नेमाचे पक्के. त्यांनी रखमाजींचे नाव यादीतून खोडले आणि त्यांस मंडपाबाहेर केले. तेव्हा बाई शालश्रीफळ तेथेच ठेवून मागोमाग गेल्या आणि बोलल्या, "चल रखमा, आता तुझी सांग. घसा आहे तोवर मी हूं देते." मग दोघे मंडपामागे चिंचेखाली बसली, आणि पाचशे माणूस उठून तिकडे गेले, आणि प्रमुख पाहुणे जोडे हाती घेऊन त्यांचे मागे गेले. अंताजीपंतांनी आभारप्रदर्शन खुर्च्यांपुढे केले, ते मात्र फार स्वच्छ मुद्रित जाहले.

येणेप्रमाणे त्या साली भाषणे सात आणि कथा दोन जाहल्या, आणि एक भांडण मिटले. गोजराबाईंचा घसा पुढे दोन दिवस बसला होता. तो सांगून नव्हे, रखमाजींस हूं देऊन देऊन.