व्हर्ना क्रॉम्बीच्या आत्म्यासाठी

बायकोला मारायचं असं वेंडेल क्रॉम्बीच्या मनात अजिबात नव्हतं. त्याला फक्त पुढचा प्रश्न नको होता.

माणूस सरळ. सगळा जन्म आरागिरणीत गेलेला, त्यामुळे बोलणंही करवतीसारखं. सुरू झालं की काहीतरी कापणार, एरवी बंद. शाळेचं आणि त्याचं लहानपणीच फाटलं होतं, आणि दोघांनाही त्याचं दुःख नव्हतं. असल्या माणसाला सत्तरीच्या तोंडावर फ्रेंचच्या वर्गात नेऊन बसवलं ते व्याह्यांनी.

म्हणजे बसवलं बायकोने, व्हर्नाने. पण कारण व्याही. मुलाने लग्न केलं ते किनाऱ्यावरच्या फ्रेंच मुलीशी. कॅनडातल्या न्यू ब्रन्सविकमध्ये यात नवल काही नाही. सरकार प्रत्येक पाटी इंग्रजी आणि फ्रेंच अशा दोन भाषांत लावतं, अर्धी माणसं वरची ओळ वाचतात, अर्धी खालची, आणि सगळी आपापल्या घरी जातात. दर रविवारी व्याह्यांकडे जेवण असायचं. व्हर्ना मासळीच्या कारखान्यात फ्रेंच बायकांच्या खांद्याला खांदा लावून राबलेली, तिची फ्रेंच धावायची. (त्या फ्रेंचला मासळीचा वास येतो असं वेंडेलचं म्हणणं, पण धावायची.) वेंडेल मात्र कोपऱ्यातल्या शेगडीसारखा गरम होऊन गप्प बसायचा. व्याही बिचारे त्याच्या पुढ्यात बटाटे सरकवत राहायचे. दुसरं करणार काय?

एका रविवारी व्याही त्याच्यापेक्षा कुत्र्याशी जास्त बोलले. परतताना व्हर्ना म्हणाली, "एक तर बोलायला शीक, नाहीतर रविवारी घरी बस. पाव कापून ठेवत जाईन."

व्याह्यांकडची किसलेल्या बटाट्याची भाकर आठवून वेंडेलने शिकायचं ठरवलं.

वर्ग पलीकडच्या फ्रेंच गावात, चर्चच्या हॉलमध्ये, दर मंगळवारी संध्याकाळी. शिकवायला ओडेली तेरियोबाई. निवृत्त शिक्षिका, विधवा, आवाज असा की मागच्या बाकावरच्या माणसाने आपोआप टोपी काढावी. पहिल्याच दिवशी बाईंनी एकेकाला उभं करून घरच्यांची चौकशी चालवली, सगळी फ्रेंचमध्ये. वेंडेलच्या आधी उभा राहिला गॉर्डी, नळदुरुस्तीवाला. त्याने सांगितलं, बायको नर्स आहे. झालं. कुठल्या दवाखान्यात? किती वाजता जाते? डबा काय नेते? ती तुम्हाला आवडते का, आवडत असेल तर का? शेवटच्या प्रश्नाला गॉर्डीच्या टकलावर घाम आला.

वेंडेल सगळं बघत होता. आणि मग बाई त्याच्याकडे वळल्या. "तुमची पत्नी, मिस्टर क्रॉम्बी?"

"वारली," वेंडेल म्हणाला.

हा एक शब्द त्याला पक्का येत होता, गिरणीतल्या फ्रेंच लोकांनी बिघडलेल्या यंत्रांविषयी सतत वापरलेला. बाईंनी छातीशी हात नेला आणि पुढच्या माणसाकडे गेल्या. वेंडेल खाली बसला. एका शब्दात सुटका. ही भाषा वाटली होती तितकी वाईट नाही, असं त्याला वाटलं.

पुढच्या मंगळवारी टेबलावर त्याच्यासाठी पातेलं होतं. फ्रिको. म्हणजे कोंबडीचा रस्सा, बटाटे, वर कणकेचे मऊ गोळे. विधुर माणूस काय खात असेल, या काळजीने बाईंनी स्वतः केलेला. आता खरं सांगायची वेळ होती हे वेंडेलला कळत होतं. पण "मी आळसाने बायको मारली" हे सांगायला जेवढी फ्रेंच लागते तेवढी त्याच्याकडे नव्हती. आणि फ्रिकोचा वास येत होता.

घरी तर ते नेता येईना. त्याने पिकअपमध्ये बसून सगळं संपवलं, पातेलं बर्फाने घासलं, आणि घरी जाऊन व्हर्नाच्या हातचं पुन्हा जेवला. असं दर मंगळवारी. कधी बाईंचं पातेलं, कधी गॉर्डीच्या बायकोने केलेली, खिमा भरलेली पाई. पँटचं बटण लागेना. व्हर्नाने विचारलं, फ्रेंच बोलून माणूस फुगतो का? वेंडेलने सांगितलं, व्याकरण फार आहे.

त्याला एकच धास्ती होती, हे व्हर्नाच्या कानावर जाता कामा नये. व्हर्ना रागावते म्हणजे ओरडत नाही, हसते. ओरडणाऱ्या बायकोचा नवरा केव्हातरी सुटतो. हसणाऱ्या बायकोचा नवरा गावभर होतो.

त्यातून बाईंनी नवीन सुरू केलं. पत्नीविषयी बोलल्याने मन हलकं होतं, बोला. न बोलून करतो काय? पातेल्याची लाज होती. मग शब्द शोधू लागला. तिचे हात लाल होते, थंडीत मासळी साफ करून. त्या हातांना वास यायचा, आता घरात तो वास येत नाही. (व्हर्ना त्या वेळी घरी त्याचे मोजे रफू करत असायची.) ती स्वयंपाक करताना गायची, बेसूर, पण गायची. मी गिरणीतून यायचो तेव्हा ती खिडकीत असायची, आणि मी कधी हात केला नाही. हे शेवटचं वाक्य म्हणताना त्याचा घसा बसला. बाईंना वाटलं उच्चार सुधारला.

वसंत येईतो वर्गात तोच सगळ्यात पुढे होता. गॉर्डी म्हणाला, माझी बायको जिवंत असल्यामुळे मी मागे पडलो.

मग एका मंगळवारी बाईंनी मोठ्या मायेने जाहीर केलं की वर्गाने मिळून व्हर्नाच्या आत्म्यासाठी मिस्सा, म्हणजे चर्चमधली प्रार्थना, सांगितली आहे. येत्या रविवारी दहाला. चर्चच्या पत्रकात नावही छापलंय. वेंडेलला खुर्चीचा आधार घ्यावा लागला. वर्गाला वाटलं, गहिवरला.

रविवारी त्याने व्हर्नाला सांगितलं की एक जुनं बोटीचं इंजिन बघून येतो, तिने एकटीनेच व्याह्यांकडे जावं. काळा कोट घालून इंजिन बघायला निघालेल्या नवऱ्याकडे व्हर्नाने नीट पाहिलं आणि म्हणाली, "बघ. भाव करून घे."

ती त्या वेळी हसली होती, हे त्याच्या लक्षात यायला हवं होतं.

कारण आदल्याच दिवशी तिच्या कारखान्यातल्या मैत्रिणीचा, उर्सुलचा, फोन आला होता. उर्सुल त्याच गावची. पत्रक हातात घेऊन तिने आधी रडवेल्या आवाजात हॅलो म्हटलं आणि मग विचारलं, "कोण बोलतंय?"

"व्हर्ना."

पलीकडे पत्रक पुन्हा उलगडल्याचा आवाज आला. मग उर्सुल म्हणाली, "अगं, मग उद्याच्या मिस्सेचं काय?"

वेंडेल प्रेस्बिटेरियन, म्हणजे प्रॉटेस्टंटांतला. कॅथलिक चर्चमध्ये तो जन्मात बसला नव्हता. लोक उभे राहत तेव्हा तो बसलेला असे, लोक गुडघ्यावर जात तेव्हा उभा. त्याला सगळ्यात पुढच्या बाकावर बसवलं होतं, शेजारी ओडेलीबाई रुमाल घेऊन. चर्च भरलेलं. फादरनी नाव घेतलं, "आपली दिवंगत भगिनी व्हर्ना क्रॉम्बी," आणि त्याच क्षणी बाकाच्या टोकाशी हिरवा कोट आला, ईस्टरचा, वर पिसाची टोपी.

"सरक," व्हर्ना हळूच म्हणाली.

वेंडेल सरकला. दुसरं काही सुचलंच नाही. त्या दोघींच्या मध्ये तो मिस्सा संपेपर्यंत बसून राहिला, आणि व्हर्नाने स्वतःच्या आत्म्यासाठीची प्रत्येक प्रार्थना मनापासून म्हटली.

नंतर हॉलमध्ये कॉफी आणि सँडविच. बाईंनी आदराने विचारलं, आपण वेंडेलच्या बहीण का?

"मी व्हर्ना," व्हर्ना फ्रेंचमध्ये म्हणाली. "आता बरं आहे मला."

गॉर्डीच्या हातून बशी पडली. पुढचा वेळ वेंडेल भिंतीवरच्या संतांची चित्रं बघत होता, एकेक करून, बारकाईने. पाठीमागे आधी शांतता, मग कुजबुज, मग उर्सुलचं खिंकाळणं, मग सगळा हॉल. ओडेलीबाई तेवढ्या हसल्या नाहीत. त्या व्हर्नाचा हात धरून म्हणाल्या, "माझ्या नवऱ्याने माझ्याविषयी असं काही जिवंतपणी बोललेलं मला आठवत नाही, मेल्यावर तर प्रश्नच नाही. ऐकायचंय का तुम्हाला?" आणि सगळं सांगितलं. लाल हात. मासळीचा वास. खिडकी.

व्हर्ना हसायची थांबली. तिने हातमोजे काढले आणि पुन्हा घातले.

परतताना व्हर्ना त्याच्याबरोबर पिकअपमध्ये बसली. मग ती म्हणाली, "ते खिडकीचं. मला सांग ना. आपल्या भाषेत."

वेंडेलने तोंड उघडलं. पुन्हा मिटलं. पुन्हा उघडलं.

"क्लच घसरतोय," तो म्हणाला.

"कळलं," व्हर्ना म्हणाली. "मंगळवारी मी पण येते. तिथे ऐकेन. नाहीतरी मला नुसतं बोलता येतं, लिहिता कुठे येतं?"

मंगळवारी ती पहिल्या बाकावर बसली, वेंडेलच्या शेजारी. नव्या विद्यार्थ्याला उभं करायची बाईंची पद्धत होतीच. नाव? गाव? आणि तुमचे पती, मिसेस क्रॉम्बी?

"वारले," व्हर्ना म्हणाली.

वर्ग पोट धरून हसला. वेंडेलही हसला, कारण मनातल्या मनात त्याने हिशेब केला होता. व्हर्ना आता विधवा. म्हणजे पातेलं पुन्हा सुरू होणार, आणि या वेळी उजळ माथ्याने घरी येणार. तो सबंध आठवडा खिडकीत बसून राहिला, रस्त्यावरून गाडी गेली की हात करत.

त्याच्या मरणाला कोणी वाटीभर रस्सासुद्धा पाठवला नाही.