मागणी नसलेले उपोषण

राष्ट्रावर संकट आले की सर्वांत आधी परीक्षा पुढे ढकलावी लागते. सैन्य, दारूगोळा, धान्य या गोष्टी नंतर पाहता येतात.

हे मला एकाहत्तर साली समजले. त्या वर्षी दिवाळीनंतर माझी थोरली शामला कळमेश्वरला दिली. तिच्या मांडवाचे बांबू अजून दारात पडून होते, तोच तीन डिसेंबरला लढाई जुंपली, आणि वसतिगृहाची पोरे येऊन ते बांबू घेऊन गेली. राष्ट्रकार्यासाठी, म्हणाली. मी त्या वसतिगृहात शिपाई होतो. कॉलेजचे नाव सांगत नाही. पेन्शन अजून तिथूनच येते.

कॉलेजात विद्यार्थ्यांचे दोन गट होते. एकाचे म्हणणे, युद्ध न्यायाचे आहे, तरुणांचे रक्त उसळते आहे, उसळत्या रक्ताने अभ्यास होत नाही. सबब एप्रिलची परीक्षा जूनमध्ये घ्यावी. दुसऱ्याचे म्हणणे, युद्ध हेच मुळी माणुसकीविरुद्ध आहे, विचारी तरुणाला त्याने झोप लागत नाही. सबब एप्रिलची परीक्षा जूनमध्ये घ्यावी. देशात एवढी एकजूट मी त्यानंतर पाहिली नाही.

शिवाय खिडक्यांना काळे कागद लावले होते. अंधारात वाचता येत नाही हे दोन्ही गटांना मान्य होते. (पत्ते कसे खेळता येत, हा प्रश्न कोणी काढला नाही.) पदार्थविज्ञानाच्या एका सरांनी नकाशावर पट्टी ठेवून दाखवले की नागपूर देशाच्या पोटात आहे, शत्रूचे विमान इथवर आलेच तर परत जायला त्याला तेल उरणार नाही. त्या सरांचा निषेध करण्यात आला. निषेधसभेला हजेरी चांगली होती. सरांच्या तासाला एवढी कधी नसे.

सहा तारखेपासून आमरण साखळी उपोषण सुरू झाले. साखळी म्हणजे पाळीपाळीने, आणि आमरण म्हणजे मरेपर्यंत. मरण कोणाच्या पाळीत यावे याबद्दल नियमांत काही नव्हते. बाकी नियम चोख होते. एका पाळीला पाच जण. चहा, दूध, उसाचा रस हे द्रव असल्याने चालतील. केळे पहिल्या दिवशी चालले. दुसऱ्या दिवशी मतदानाने बंद झाले.

अडचण एकच निघाली. जेवणाच्या दोन्ही वेळी मंडप रिकामा पडे, कारण बसलेले जेवायला जात आणि बसणार असलेले आधीच पंगतीत असत. रिकाम्या मंडपाचा फोटो वर्तमानपत्रात आला असता तर आंदोलनाचे नाक कापले गेले असते. तेव्हा जेवणाच्या वेळेपुरता कोणीतरी बसवावा असे पहिल्याच दिवशी ठरले, आणि सगळ्यांची नजर नत्थूवर गेली.

नत्थू गजभिये माझ्याबरोबरचा शिपाई. बसणे हा आमच्या नोकरीचा मोठा भाग असल्याने त्याला अनुभव होता. विद्यार्थ्यांचा पुढारी ओमप्रकाश, गांधीबागेतल्या कापडवाल्याचा मुलगा, मोठ्या आदराने त्याला म्हणाला, "नत्थूभाऊ, तुम्ही फक्त बसा. उपोषण तर आम्ही करूनच राहिलो."

अशा रीतीने जे उपोषणाला बसले होते ते सगळे जेवू लागले, आणि जो बसला नव्हता त्याचे जेवण चुकू लागले. मेसमध्ये शिपाई शेवटी जेवतात, आणि उपोषणाच्या काळात मेसमध्ये शेवटी काही उरत नसे. (तांदूळ दीडपट लागू लागला. आचारी याचे कारण थंडी असे देई.)

पण नत्थूचे चित्त जेवणात नव्हते. त्याचा एकुलता एक मुलगा रुपराव फौजेत होता, पूर्वेच्या सरहद्दीवर. महिनाभर त्याचे पत्र नव्हते. नत्थू पहिल्यांदा मंडपात बसला आणि त्याच दुपारी पोस्टमनने पत्र आणले. मला चाळिशीनंतर अक्षरे आली, वाचायला बोट लागते, पण वाचले. रुपराव खुशाल होता, तिकडे थंडी होती, आणि बाबांनी जेवणाची आबाळ करू नये असे त्याने लिहिले होते. तारीख पाहून मी म्हटले, हे लढाईच्या आधीचे आहे. नत्थूने ते कानावर घेतले नाही. आपण उपाशी बसलो आणि पत्र आले, एवढेच त्याने पाहिले.

"आता मी उठत नाही गा," तो म्हणाला. "साखळी तुटली नाही पाहिजे."

संध्याकाळी त्याची बायको भीमाबाई मंडपात येऊन उभी राहिली.

"काहून गा, छप्पन साली दीक्षा घेतली तवा उपास-तापास सोडले होते ना? मंग हे काय लावलं?"

"हा देवाचा उपास नाही वं. कॉलेजचा आहे."

"कॉलेजनं तुले कामावर ठेवलं का उपाशी ठेवलं?"

"पत्र आलं ना पोराचं?"

दुसऱ्या दिवसापासून भीमाबाई पेज आणू लागली. पेज द्रव आहे, असा ठराव ओमप्रकाशने खास बैठक घेऊन मंजूर करवला. ती रोज थोडी घट्ट होत गेली. मग तिच्यात डाळ दिसू लागली, आणि पुढे चमचा उभा राहू लागला. सर्व कार्यकर्ते त्या वेळी दुसरीकडे पाहत.

नत्थू उठतच नाही म्हटल्यावर पाळ्यांची गरज उरली नाही. साखळीत एकच कडी राहिली. बाकीचे प्रचारासाठी सदरला जाऊ लागले (तिथे त्या आठवड्यात चांगला सिनेमा लागला होता). आंदोलन असे भरात आले असताना सोळा तारखेला घात झाला. लढाई संपली. शत्रूने हत्यारे टाकताना विद्यार्थ्यांना विश्वासात घेतले नव्हते. शहरात पेढे वाटले गेले आणि मंडपात सुतक पडले.

ओमप्रकाश मात्र डगमगला नाही. युद्ध संपले तरी युद्धामुळे न झालेला अभ्यास संपलेला नाही, हा त्याचा मुद्दा बिनतोड होता. दोन दिवसांत वरून मान्यता आली. परीक्षा जूनमध्ये, आणि प्रत्येक विषयात युद्धाचे सात गुण. (विजयाचे आणखी तीन मागितले होते. ते विचाराधीन राहिले.)

उपोषण सोडण्याचा समारंभ झाला. हार, संत्र्याचा रस, फोटोग्राफर. ओमप्रकाश नुकताच जेवून उठला होता, त्याला अर्धाच पेला गेला. फोटोत त्याचा चेहरा फार व्याकूळ आला आहे. दुसरा पेला त्याने स्वतः नत्थूपुढे धरला.

"ठेव तिकडे," नत्थू म्हणाला.

"अरे भाऊ, जीत गये अपन! उठा आता."

"तुमची परीक्षा गेली ना पुढं? जा मंग. माझ्या पोराचं पत्र येऊ दे."

इथे कॉलेजपुढे खरा पेच उभा राहिला. मागणी असलेले उपोषण मिटवण्याची रीत आहे. मागणी मान्य करावी, नाहीतर पोलीस बोलवावे. मागणी नसलेल्या उपोषणाचे काय मान्य करणार? कार्यालयाने नत्थूकडून लेखी मागणी मागवली. त्याने सांगितले, मी लिहिले, "पोरगा खुशाल असल्याचे कळावे." त्यावर शेरा आला, "विषय या कार्यालयाच्या कक्षेत येत नाही." मग परिपत्रक निघाले, "उपोषण समाप्त झाले असल्याने उपोषणाच्या जागी बसलेला इसम उपोषणास बसलेला नाही, असे समजण्यात यावे." ही भाषा मला फार आवडली. कोणालाही न उठवता जागा रिकामी झाली.

भीमाबाई येतच राहिली. "लढाई सरली गा. आता तं ऊठ," असे ती म्हणे, पण हात धरून ओढत नसे. नत्थू उठला आणि तिकडे काही झाले तर, ही धास्ती आता तिलाही होती.

नाताळाच्या आदल्या दिवशी तार आली. इंग्रजीत होती, म्हणून ओमप्रकाशला हाक मारली. त्याने ती वाचली, पुन्हा वाचली, आणि मराठीत सांगण्याआधी तो नत्थूशेजारी चटईवर बसला. पाळी नसताना बसलेला तो मला तेव्हाच दिसला.

ऐकल्यावर नत्थू म्हणाला, "पण मी उठलो नव्हतो गा."

भीमाबाईने त्याला हाताला धरून उठवले आणि घरी नेले. रस द्यायला कोणी पुढे आले नाही. कागदोपत्री तो बसलाच नव्हता.

कॉलेजने आपले कर्तव्य केले. शोकसभा झाली. एका वीर जवानाच्या निधनाने विद्यार्थ्यांच्या मनाला बसलेला धक्का लक्षात घेता परीक्षा आणखी आठ दिवस पुढे न्यावी, असा ठराव दोन्ही गटांनी एकमताने केला. तो मान्य झाला.

त्या वर्षीचे पदवीधर आज मोठ्या जागांवर आहेत. कोणी निकाल देतो, कोणी औषध देतो, कोणी शिकवतो. आपणही त्यांच्यात असाल. हे वाचता आहात म्हणजे शिकलेले तर आहातच. ते आठ दिवस आपण कसे घालवले हे विचारण्याचा शिपायाला अधिकार नाही. पण ठरावात नुसते "एक वीर जवान" असे होते, आणि आपण कोणाचे दिवस वापरले ते आपल्याला ठाऊक असावे, म्हणून लिहितो.

रुपराव नत्थू गजभिये, वय बावीस. नऊ डिसेंबर एकोणीसशे एकाहत्तर रोजी मरण पावला.