थांबलेल्या खाणीचे हवालदार

डोक्यावर लोखंडी टोपी घातल्याशिवाय रंगराव हवालदार कुणालाही खाणीच्या फाटकातून आत सोडत नसत. खाणीत शेवटचा माणूस कामाला येऊन चार वर्षं झाली होती, तरी टोपी हवीच. एकदा तलाठी बिनटोपीचे आत शिरले. हवालदारांनी शिट्टी फुंकून त्यांना फाटकापर्यंत परत आणलं, टोपी घातली आणि मग सलाम ठोकून आत सोडलं.

मी मूळचा सांगलीच्या विश्रामबागेतला. सत्तर सालानंतर माझी पाटणच्या डोंगरातल्या शाळेवर बदली झाली. शाळेच्या वर पठारावर ही निकेलची खाण. गावातली माणसं म्हणायची, "कंपनीनं पाटी लावली निकल, आन सवताच निकलली!" हवालदारांपुढं मात्र 'बंद' म्हणायची सोय नव्हती.

"बंद न्हाई, थांबलीया," ते डोळे वटारून सांगत. "लोणंदला पाण्यासाठी गाडी थांबती, तवा गाडी बंद पडली म्हनता व्हय?"

कंपनीची पत्रं यायची थांबली, तरी हे रोज इस्त्रीच्या खाकीत फाटकावर हजर. मला लिहितावाचता येतं म्हटल्यावर त्यांनी फर्मान काढलं, "गुरुजी, खाणीचा इतिहास लिवा. मी सांगतो."

दर रविवारी मी पठारावर जाऊ लागलो. इतिहासाची सुरुवात कंपनीच्या साहेबाच्या बुटात निघालेल्या विंचवापासून होती. मग हिरवट दगड हातात घेऊन साहेब कसा नाचला, बोगदा कसा खणला, पहिल्या सुरुंगाला गावची म्हैस कशी उधळली. पुढं दगडात निकेल फारच थोडं निघालं आणि साहेब लोक सामान बांधून गेले, हे मी लिहायला घेतलं, तर हवालदार म्हणाले, "ते ऱ्हाऊ द्या. म्हशीचं अजून लय हाय."

एका रविवारी कराडहून भंगारवाल्याचा ट्रक आला. त्याला रूळ आणि ढकलगाड्या न्यायच्या होत्या. हवालदारांनी आधी त्याला टोपी घालायला लावली, मग कागद मागितला आणि माझ्याकडं दिला. "वाचा गुरुजी, मोठ्यानं."

मी वाचलं, "बंद पडलेल्या खाणीचे भंगार..."

"मग चुकीच्या खाणीवर आलायसा," हवालदार म्हणाले. "ही थांबलीया."

"आवं म्हातारबा, वरून हुकूम हाय!"

"ज्या सायबानं मला हितं उभा केला, त्यानं यावं आन सांगावं, रंगराव, बाजूला हो. तवर एक खिळा हलायचा न्हाई."

ट्रकमधले हमाल पुढं सरकले तसे हवालदार रुळांवर आडवे झाले, हात अगदी कवायतीतल्यासारखे अंगाला चिकटवून. हमाल एकमेकांकडं बघू लागले. त्यातला एक म्हणाला, "मालक, आपल्याच्यानं न्हाई व्हायचं हे." तासभर शिव्या घालून भंगारवाला रिकामा ट्रक घेऊन गेला. मी त्या शाळेवर होतो तोवर तरी तो परतला नाही.

हवालदार उठले, खाकी झटकली. मी म्हणालो, "जिंकलात!"

ते हसले नाहीत. बोगद्याच्या तोंडाकडं बघत बसले.

"खरं सांगू गुरुजी? ती चालू न्हाई व्हायची. मला काय कळत न्हाई व्हय?"

"मग हे सगळं कशाला?"

"मी सरहद्दीवर असताना कारभारीण गेली. तार पोचायच्या आधीच सगळं उरकलं हुतं. प्वारबाळ न्हाई. पेन्शनीत आल्यावर घरात दिस दिस कुणाचा आवाज कानावर पडायचा न्हाई. आन मग खाण निघाली. हितं दिवसभर नुसतं हवालदार, आवं हवालदार! लय ग्वाड वाटायचं. आता गावात कुणी इचारलं, कुठं निगालासा, तर ड्यूटीवर म्हनून सांगाय तरी येतं."

खाली वळणावर एसटीचा हॉर्न वाजला. मला त्याच गाडीनं पाटणला जायचं होतं. हवालदारांनी माझी पिशवी उचलून माझ्यापुढं धरली.

मी ती घेतली आणि खाली ठेवली. "हवालदार, आज जेवायला भाकरी कुणाच्या हातची आहे?"

"माझ्याच. लय जाड हुतीया."

"चालेल," मी म्हणालो आणि फाटकाजवळच्या त्यांच्या चुलीपाशी बसलो.