परवाना शुल्क नाममात्र

परिवहन कार्यालयाच्या दारावर निळ्या अक्षरांत लिहिलं होतं, 'परवाना शुल्क नाममात्र', आणि चष्मेवाल्याने ते खरं मानलं. त्याचाही दोष नव्हता. पाटीवरची अक्षरं लोकांना नीट वाचता यावीत, यावरच त्याचं पोट होतं. अक्षर स्पष्ट दिसलं की त्याचा अर्थही स्पष्ट असतो, अशी त्याची धंद्यातून बनलेली समजूत होती.

परवान्याची गरज पडली ती सासऱ्यांमुळे. सासरेबुवा म्हातारपणीही स्वतःची गाडी स्वतः चालवत. पण एका सकाळी ते एका टपालपेटीला आधी रस्ता ओलांडू द्यावा म्हणून बराच वेळ थांबून राहिले, आणि मागे ओरडणाऱ्यांना 'वयस्कर बाई आहेत, जरा धीर धरा' असं समजावत राहिले. घरी आल्यावर त्यांनी किल्ली जावयापुढे ठेवली.

"जावईबापू, गाडी आता तुम्ही सांभाळा. माझ्या डोळ्यांचं काही खरं नाही."

चष्मेवाल्याने हे फार मनाला लावून घेतलं, कारण सासऱ्यांचा चष्मा त्यानेच बनवला होता.

बायकोला मात्र घबाड हाती लागल्यासारखं झालं. लेक डोंगरापलीकडच्या गावात राहत होती आणि तिचे दिवस भरत आले होते. तिकडे जाणारी एकुलती एक बस पहाटे निघायची आणि मनात आलं तर पोचायची.

"अहो, नातवंड पाळण्यात असताना मला बघायचंय," बायको म्हणाली. "शाळेत जायला लागल्यावर नाही. गाडी तुम्हाला चालवता येतेच. आता परवाना तेवढा घेऊन या."

"उद्याच आणतो," चष्मेवाला म्हणाला. भिंगं घासायचं नवं यंत्र घेण्यासाठी त्याने दुकानात थोडे पैसे बाजूला ठेवले होते. त्यातली एक नोट त्याने खिशात घातली, आणि सुटे परत येतील ते ठेवायला एक रिकामं पाकीटही घेतलं.

कार्यालयातल्या खिडकीवर एक बाई बसल्या होत्या. त्यांनी नोट घेतली, उजेडाकडे धरून पाहिली आणि खणात टाकली.

"हे परवान्याचं झालं. आता अर्जाचं."

"अर्ज परवान्याचाच आहे ना?"

"अर्ज कागदाचा असतो. परवाना प्लास्टिकचा. दोन्ही खाती वेगळी."

अर्जानंतर अर्जछाननी शुल्क निघालं. छाननी झाल्याच्या पावतीचं शुल्क निघालं, आणि ती पावती अर्जदाराने हरवू नये म्हणून कार्यालयात जपून ठेवण्याचं भाडं निघालं. प्रत्येक शुल्काला स्वतःचं स्वतंत्र नाव होतं. तेव्हा कुठे चष्मेवाल्याला पाटीचा अर्थ उमगला. शुल्क नाममात्र होतं; म्हणजे जितकी नावं, तितकी शुल्कं.

तो घाम पुसत बाहेर आला. फाटकाशी एका मोठ्या छत्रीखाली दलाल बसला होता. त्याच्यापाशी टेबल होतं, पाहुण्यांसाठी खुर्च्या होत्या, थंड पाणी होतं आणि हसरा चेहरा होता. यातलं काहीच आत नसल्यामुळे बरेच लोक त्यालाच कार्यालय समजत.

"खिडकीवर गेला होतात वाटतं," दलाल हळहळून म्हणाला. "असं थेट जाऊ नये. आतल्यांना सवय नसते."

"मला लाच द्यायची नाही," चष्मेवाला म्हणाला.

"तो शब्द इथे कुणी वापरत नाही. त्याला सुलभता म्हणतात. आम्ही पावती देतो."

"तरीही नाही. माझं एक तत्त्व आहे."

दलालाला मुळीच राग आला नाही. त्याने आदराने उभं राहून इमारतीच्या मागच्या बाजूला बोट दाखवलं. "मग तत्त्वनिष्ठ अर्जदारांची खिडकी तिकडे आहे. शुल्क दुप्पट पडेल. तिथे खरोखर काम करावं लागतं ना, म्हणून."

चष्मेवाला मागच्या खिडकीवर गेला. तिथे जळमटं होती. बऱ्याच वेळाने पुढच्याच बाई उठून मागे आल्या, त्यांनी जळमटं झाडली आणि झाडण्याचे पैसे घेतले.

मग फोटोचं निघालं. फोटोत अर्जदाराचे डोळे पूर्ण दिसायला हवेत, सबब चष्मा चालणार नाही, असा नियम होता. चष्मेवाल्याच्या चष्म्याची भिंगं जाडजूड होती. दुकानात येणारी गिऱ्हाइकं त्याचे डोळे पाहून स्वतःच्या नंबराबद्दल निश्चिंत होत. त्याने मुकाट्याने चष्मा काढून फोटो दिला. फोटो काढणाऱ्याकडे बघायचं म्हणून तो पडद्याकडे बघत राहिला.

बाईंनी फोटो पाहिला, त्याच्याकडे पाहिलं, पुन्हा फोटो पाहिला.

"हे कोण?"

"मीच."

"यांना चष्मा नाही. तुम्हाला आहे."

"तुम्हीच काढायला सांगितलात."

"आम्ही फोटोसाठी सांगितलं. माणूस बदला असं नाही सांगितलं." बाईंनी सुस्कारा सोडला. "दोघे एकच असल्याचं प्रतिज्ञापत्र आणा. वकिलाकडून."

वकिलाने प्रतिज्ञापत्र करून दिलं. ते दोन माणसांबद्दल होतं, म्हणून त्याने फी दोघांची घेतली. कार्यालयाने ते स्वीकारलं, पण एकच का असेनात, माणसं दोन आहेत हे आता लेखी आल्यामुळे अर्जही दोन भरून घेतले. एक चष्मा असलेल्या अर्जदाराचा, दुसरा चष्मा नसलेल्याचा. अर्ज, छाननी, पावती, पावतीचं भाडं, सगळं पुन्हा झालं, तेही मागच्या खिडकीच्या दुप्पट दराने.

एव्हाना लेकीला मुलगा झाला होता. फोनवर त्याचं रडणं ऐकून बायको स्वतःच रडायला लागली. फोन ठेवल्यावर तिने डोळे पुसले आणि विचारलं, "आज काय म्हणतंय तुमचं कार्यालय?"

"मी दोन झालोय."

"एकाचाच वैताग पुरे होता," बायको म्हणाली. "यंत्राचे पैसे?"

यंत्राचे पैसे संपून आता दुकानातल्या मालाचे चालू झाले होते.

"चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला," ती म्हणाली. "त्यापेक्षा त्या छत्रीवाल्याला देऊन टाका की."

"आता इतका खर्च केल्यावर तत्त्व सोडलं तर तो सगळा वाया जाईल," चष्मेवाला म्हणाला. बहुतेक तत्त्वं अशीच टिकतात.

दृष्टिचाचणीच्या दिवशी परीक्षकांनी आधी चष्मा असलेल्या अर्जदाराला पुकारलं. परीक्षक शिस्तीचे होते. स्वतःशीसुद्धा ते 'महोदय' म्हणून बोलत. भिंतीवर अक्षरांचा तक्ता होता. चष्मेवाल्याने तो वरपासून खालपर्यंत धडाधड वाचला, आणि कोपऱ्यातलं दुकानाचं बारीक नावही वाचलं. ते त्याचंच दुकान होतं.

"वाचन उत्तम," परीक्षक म्हणाले. मग त्यांनी फोटो पाहिला. "पण हे तुम्ही नाही. अर्ज नामंजूर. शुल्क परत मिळणार नाही. दुसरे अर्जदार आलेत का?"

चष्मेवाल्याने चष्मा काढून खिशात ठेवला. "आलोय."

परीक्षकांनी चेहरा फोटोशी ताडून पाहिला आणि त्यांना समाधान वाटलं. "हां, हे बरोबर. वाचा."

चष्मेवाल्याला तक्ता दिसेना. ज्या भिंतीवर तक्ता होता ती भिंतही दिसेना. पण अक्षरं तोंडपाठ होती, आणि सवयीने ती तोंडातून बाहेर पडून गेली. मग त्याचं मन त्याला खाऊ लागलं.

"साहेब, खरं सांगतो. मला काही दिसत नाही. हा तक्ता मीच कार्यालयाला विकलाय, म्हणून पाठ आहे."

परीक्षकांनी नियमावली उघडली आणि शांतपणे वाचली. "अर्जदाराने अक्षरं अचूक सांगावीत, एवढंच इथे आहे. ती दिसावीत असं कुठेही म्हटलेलं नाही." त्यांनी शेरा मारला: दृष्टी उत्तम, चष्म्याची आवश्यकता नाही, वापरल्यास परवाना रद्द.

"आणि ती शेवटची ओळ अगदी नाहीच दिसत?" सही करता करता त्यांनी आपुलकीने विचारलं. "मलाही नाही दिसत. कधीतरी दुकानात येईन म्हणतो."

राहिली वाहन चालवण्याची चाचणी. त्यासाठी कार्यालयामागे एक मैदान होतं, पण शुल्कं वाढत गेली तशी ती भरून घ्यायला जागा अपुरी पडू लागली, आणि मैदानावर शुल्क भरणा केंद्र बांधावं लागलं. त्यामुळे चाचणी आता परीक्षकांच्या खोलीतच, खुर्चीवर होत असे.

"गाडी सुरू करा," परीक्षक शेजारच्या खुर्चीवर बसत म्हणाले.

चष्मेवाल्याने हवेतली किल्ली फिरवली.

"आवाज?"

चष्मेवाल्याने तोंडाने आवाज काढला. लाजत काढल्यामुळे इंजिन एकदा बंद पडलं. दुसऱ्यांदा मात्र छान लागलं. त्याने गियर टाकला, आरशात पाहिलं, डावीकडे वळण घेतलं. परीक्षकही वळणावर झुकले. पुढे त्याला मजाच वाटू लागली. डोंगर, घाट, लेकीचं गाव असं काहीबाही मनात येऊ लागलं आणि त्याने वेग वाढवला.

"समोर भिंत आहे," परीक्षक अचानक म्हणाले.

"मला दिसली नाही."

"मलाही नाही. पण असते तिथे."

भिंतीच्या दुरुस्तीचे पैसे भरावे लागले. गाडीच्या काल्पनिक झिजेचेही भरावे लागले. इंधनाचे मात्र परीक्षकांनी सोडून दिले. माणूस मनाने चांगला होता. बाकी सगळं नियमात बसत असल्यामुळे त्यांनी त्याला उत्तीर्ण केलं.

परवाना घरी आला तोवर नातू बसायला लागला होता. चष्मेवाल्याने दुकान विकलं होतं आणि तो त्याच दुकानात पगारावर काम करत होता. पण प्लास्टिकचा तो तुकडा हातात घेतल्यावर त्याचा ऊर भरून आला. एक पैसा लाच न देता तो मिळाला होता. बायकोनेही वाद घातला नाही. तिने नातवाचे कपडे, लेकीच्या आवडीचा खाऊ आणि भरपूर पाणी गाडीत ठेवलं आणि ती त्याच्या शेजारी बसली.

चष्मेवाला तत्त्वाचा असला तरी वेडा नव्हता. त्याने चष्मा लावला आणि गाडी अगदी व्यवस्थित, डाव्या बाजूने, बेताच्या वेगात चालवत नेली. गावाबाहेरच्या चौकात वाहतूक पोलिसाने हात केला.

"परवाना." पोलिसाने तो उलटसुलट करून पाहिला. "हा फोटो तुमचाच?"

"हो."

"यात चष्मा नाही. आणि खाली स्पष्ट लिहिलंय, चष्मा वापरल्यास रद्द."

"रस्ता दिसावा म्हणून लावलाय."

"म्हणजे स्वतःच्या सोयीसाठी," पोलीस म्हणाला. तो मुळीच उर्मट नव्हता. उलट त्याला वाईट वाटलेलं दिसलं. "तुमच्यासारखे शिकलेले लोकच असं करायला लागले, तर पायी चालणाऱ्यांनी कुणाच्या भरवशावर चालायचं? पहिलीच वेळ आहे म्हणून परवाना रद्द करत नाही. दंड भरा. आणि तो चष्मा जप्त."

चष्मा पोलिसाच्या खिशात गेला. चष्मेवाल्यापुढचा रस्ता, झाडं आणि पोलीस यांचं एकच करडं सारण झालं.

"अहो, मी सांगते ना," बायको त्याच्या दंडावर हात ठेवून म्हणाली. "डावीकडे एक ट्रक उभा आहे, तो गेला की..."

"बाई, शेजारी बसून वाट सांगणं म्हणजे सहचालन," पोलीस खिडकीतून वाकून म्हणाला. "त्याचा वेगळा परवाना लागतो. त्याच कार्यालयात मिळेल. शुल्क नाममात्र."

बायकोने तोंड मिटलं. थोडा विचार करून डोळेही मिटले. आता गाडीत कुणालाच काही दिसत नव्हतं आणि सगळं कायदेशीर झालं होतं. पोलिसाने सलाम ठोकला, शिट्टी वाजवून इतरांना थांबवलं आणि त्यांना मानाने पुढे सोडलं.

ते लेकीकडे पोचले. आधी दुसऱ्या दोन घरांत शिरून तिथल्या बाळांचे मुके घेऊन झाले, पण पोचले. नातू आजीकडे झेपावला आणि आजीने त्याला अंधार पडेपर्यंत खाली ठेवलं नाही. चष्मेवाल्याने त्याला अगदी नाकाजवळ धरून पाहिलं, तेव्हा त्याचा चेहरा दिसला, आणि झालेला सगळा खर्च त्या घटकेला त्याला वसूल झाल्यासारखा वाटला.

आता तो दर सुट्टीला जातो. रस्त्याच्या मधोमध, शांतपणे, चेहऱ्यावर कसलीही चिंता न ठेवता येणारी एखादी गाडी तुम्हाला समोरून दिसली, तर हॉर्न वाजवू नका, शिव्याही देऊ नका. निमूट बाजूला व्हा. काही झालंच तर चूक तुमची ठरेल, कारण त्याची सगळी कागदपत्रं चोख आहेत. आणि तो निदान खुर्चीवर बसून का होईना, गाडी चालवून दाखवून आला आहे. तुम्ही परवाना घेतलात, तेव्हा काय चालवून दाखवलं होतंत?